काल वाकवणारे द्रव्य : विज्ञानकथेतील कल्पित पदार्थाचा अभ्यास

४.१ प्रस्तावना

विद्यार्थिमित्रहो, मागील घटकात आपण विज्ञानकथेच्या काही व्याख्यांचा परिचय करून घेतला. त्या व्याख्यांमधली एक अडचण वाचताना तुमच्याही लक्षात आली असेल. विज्ञानकथेने विज्ञानाशी प्रामाणिक राहावे, अशी अपेक्षा बहुतेक अभ्यासक व्यक्त करतात. मात्र जगातील कितीतरी गाजलेल्या विज्ञानकथा विज्ञानाला ठाऊक नसलेल्या, किंबहुना विज्ञानाने अशक्य ठरवलेल्या एखाद्या वस्तूवरच उभ्या असतात. अशा कथा 'खोट्या' म्हणून बाजूला सारल्या तर या साहित्यप्रकाराचे बरेचसे वैभव हातचे जाते. सरसकट स्वीकारल्या तर विज्ञानकथा आणि जादूची गोष्ट यांत भेद उरत नाही. मग या दोहोंमधली रेषा कोठे ओढायची?

हा प्रश्न नुसत्या व्याख्यांच्या बळावर सुटण्यासारखा नाही. म्हणून या घटकात आपण एकच उदाहरण घेऊन ते नीट तपासणार आहोत. हे उदाहरण काळाची दिशा मोडणाऱ्या एका कल्पित पदार्थाचे आहे. त्याचे नाव थायोटिमोलीन. आयझॅक अ‍ॅसिमॉव्ह या अमेरिकन लेखकाने तो १९४८ साली निर्माण केला, अर्थात कागदावर.

४.२ स्फटिक आणि धातू : पूर्वपीठिका

थायोटिमोलीनकडे वळण्यापूर्वी थोडे मागे जाऊ. एच. जी. वेल्स यांची 'द टाइम मशीन' ही कादंबरी १८९५ साली प्रसिद्ध झाली. तिच्या आरंभी कालप्रवासी आपल्या पाहुण्यांसमोर यंत्राची एक छोटी प्रतिकृती ठेवतो. ती लहानशा घड्याळापेक्षा फारशी मोठी नाही, चकाकत्या धातूची आहे, तिच्यात हस्तिदंत आहे आणि एक पारदर्शक स्फटिकमय पदार्थ आहे. पुढे मूळ यंत्र दिसते तेव्हा त्याचे काही भाग निकेलचे, काही हस्तिदंताचे, तर काही स्फटिकातून कापून काढलेले आहेत, असे निवेदक सांगतो. हा स्फटिक नेमके काय करतो, हे मात्र वेल्स कोठेही सांगत नाहीत. काळ ही चौथी मिती आहे या कल्पनेवर त्यांचा नायक सविस्तर बोलतो, स्फटिकाविषयी मौन बाळगतो. स्फटिकाचे काम केवळ डोळ्यांना दिसण्याचे आहे. अमूर्त सिद्धान्ताला हाताने स्पर्श करता येईल असे काहीतरी हवे होते, म्हणून तो तेथे आहे.

येथे एक गोष्ट सहज नोंदवावीशी वाटते. क्वार्ट्झ म्हणजे गारगोटीच्या कुळातले खनिज. दाब दिला असता त्यात विद्युतभार निर्माण होतो, हे क्युरी बंधूंनी १८८० सालीच दाखवले होते. आज तुमच्या मनगटावरच्या साध्या घड्याळात याच खनिजाची एक इवलीशी पट्टी सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावत असते आणि त्या कंपनांवरून काळ मोजला जातो. वेल्स यांची कादंबरी आली तेव्हा असे घड्याळ अस्तित्वात नव्हते. त्यामुळे त्यांनी 'भविष्य ओळखले' असे काही उत्साही वाचक म्हणतील. हा मोह आवरावा. कल्पिताचे मोल ते पुढे खरे ठरले की नाही यावर ठरवू लागलो, तर साहित्याचे परीक्षण सोडून आपण ज्योतिषाचे परीक्षण करू लागू.

वेल्स यांनीच १९०१ साली 'द फर्स्ट मेन इन द मून' या कादंबरीत कॅव्होराइट हा गुरुत्वाकर्षण अडवणारा पदार्थ कल्पिला. त्यावर ज्यूल व्हेर्न नाराज झाले. भा. रा. भागवतांच्या अनुवादांमुळे व्हेर्न मराठी वाचकांना परिचयाचे आहेतच. त्यांचा आक्षेप असा, की आपण माणसांना चंद्राकडे पाठवले ते तोफेतून, म्हणजे ज्ञात साधनाने. वेल्स मात्र अस्तित्वात नसलेला धातू शोधून काढतात, तो धातू त्यांनी दाखवावा. आक्षेप वरवर पाहता बिनतोड वाटतो. पण व्हेर्नच्या तोफेतून सुटलेले प्रवासी पहिल्याच धक्क्यात चिरडून गेले असते, हेही तितकेच खरे आहे. म्हणजे अशक्यता दोन्हीकडे आहे. व्हेर्नची अशक्यता परिचित वस्तूंच्या आड दडलेली आहे, वेल्सची उघडी आहे. वेल्स यांनी पुढे आपल्या कथांविषयी लिहिताना असे सुचवले आहे, की लेखकाने एकच अद्भुत गृहीतक मांडावे आणि बाकीचे सारे जग नेहमीचेच ठेवावे. हे सूत्र ध्यानात ठेवा, कारण थायोटिमोलीनच्या संदर्भात त्याचा उपयोग होणार आहे.

४.३ एका संशोधकाचा कंटाळा

अ‍ॅसिमॉव्ह १९४७ साली कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्रातील डॉक्टरेटसाठी संशोधन करीत होते. त्यांना प्रयोगासाठी कॅटेकॉल नावाचे संयुग लागे. त्याचे हलके, पिसासारखे स्फटिक पाण्याच्या पृष्ठभागाला लागताक्षणीच दिसेनासे होत. हे पाहता पाहता त्यांच्या मनात विचार आला, की याहून किंचित अधिक विद्राव्य पदार्थ असता तर तो पाण्याला स्पर्श होण्याआधीच विरघळला असता. त्याच सुमारास प्रबंधलेखनही सुरू व्हायचे होते. प्रबंधाची भाषा ठरावीक, कोरडी, कर्मणी प्रयोगांनी भरलेली. अनेक वर्षे कथा लिहून ज्याची लेखणी मोकळी झाली आहे त्याला ती भाषा जड जाणारच. तेव्हा सराव म्हणून आणि थोडा सूड म्हणूनही, अ‍ॅसिमॉव्ह यांनी या काल्पनिक पदार्थावर एक खोटा शोधनिबंध लिहून काढला.

तो 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन' या मासिकाच्या मार्च १९४८च्या अंकात आला. त्यात पात्रे नाहीत, संवाद नाहीत, कथानक नाही. आहेत ते तक्ते, आलेख, उपकरणांची वर्णने आणि अखेरीस कधीही अस्तित्वात नसलेल्या नियतकालिकांचे संदर्भ. एका झुडपाच्या सालीपासून शुद्ध केलेले थायोटिमोलीन पाण्यात विरघळते. फक्त ते पाणी घालण्यापूर्वी १.१२ सेकंद विरघळते. लेखाचे सारे गांभीर्य 'फक्त' या शब्दामागे लपलेल्या विधानाला सामान्य निरीक्षणासारखे मांडण्यात आहे. पुढे काही वाचक ग्रंथालयात जाऊन ती खोटी नियतकालिके मागू लागले, असे अ‍ॅसिमॉव्ह यांनी नोंदवले आहे. विडंबनाला याहून मोठी पावती कोणती मिळणार? मराठीत विडंबन म्हटले की केशवकुमारांची 'झेंडूची फुले' आठवतात. तेथे कवितेची लकब उचलली आहे, येथे प्रयोगशाळेची. दोन्हीकडे अट एकच असते : ज्याची नक्कल करायची त्याचा कच्चा अभ्यास चालत नाही.

आता या अशक्य विधानाची उभारणी कशी केली आहे ते पाहा, कारण आपल्या प्रश्नाचे उत्तर त्या उभारणीत आहे. रसायनशास्त्राचा एक खरा नियम असा, की रेणूमध्ये पाण्याची ओढ असलेले गट, उदाहरणार्थ हायड्रॉक्सिल गट, जितके अधिक तितका पदार्थ पाण्यात सहज विरघळतो. साखर झटकन विरघळते याचे कारण हेच. अ‍ॅसिमॉव्ह हा नियम घेतात आणि आपल्या रेणूला असे गट मुबलक बहाल करतात. मग ते वाचकाला एक उतार उतरायला लावतात. विरघळायला लागणारा वेळ कमी होत जातो, आणखी कमी होतो, शून्यावर येतो. मग उतार शून्यापाशीच का थांबावा? तो शून्याच्या पलीकडे गेला तर वेळ ऋण होईल, आणि ऋण वेळ म्हणजे पाणी पडण्याच्या आधीचा क्षण. यात फसवणूक एकाच पावलाची आहे. त्याआधीची सर्व पावले खरी आहेत आणि त्यानंतरची सर्व पावले तर्कशुद्ध आहेत. वेल्स यांच्या सूत्राचे इतके काटेकोर पालन खुद्द वेल्स यांनीही क्वचितच केले असेल.

१९५३ साली लिहिलेल्या दुसऱ्या लेखात या पावलालाही स्पष्टीकरण मिळाले. कार्बनच्या अणूला चार बंध असतात. थायोटिमोलीनच्या रेणूत इतकी गर्दी आहे, की एका कार्बन अणूच्या दोन बंधांना नेहमीच्या अवकाशात जागाच उरत नाही. एक बंध भूतकाळात ढकलला जातो आणि दुसरा भविष्यकाळात. मुंबईच्या लोकलमधून प्रवास करणाऱ्याला हे स्पष्टीकरण पटायला वेळ लागणार नाही. भविष्यात शिरलेला तो बंध पाण्याला आधी भेटतो आणि उरलेल्या रेणूला आपल्याबरोबर ओढून नेतो.

४.४ नाव लपवण्याची गोष्ट

या लेखाबरोबर एक प्रसंग जोडलेला आहे. अ‍ॅसिमॉव्ह यांची मौखिक परीक्षा १९४८च्या मे महिन्यात होती. परीक्षेच्या तोंडावर आपल्याच विषयाची चेष्टा करणारा लेख परीक्षकांच्या दृष्टीस पडला तर ते रुष्ट होतील, या भीतीने त्यांनी संपादक जॉन कॅम्पबेल यांना लेख टोपणनावाने छापण्यास सांगितले होते. प्रत्यक्षात तो खऱ्या नावानिशी छापला गेला. विभागात सर्वांनी तो वाचला. अनेक वर्षांचे श्रम, घरसंसार, पुढची नोकरी, सारे एका खोलीतल्या काही प्राध्यापकांच्या मतावर अवलंबून असताना उमेदवाराच्या मनाची अवस्था काय झाली असेल, हे नोकरी आणि संसार सांभाळून परीक्षा देणाऱ्या तुम्हांला वेगळे सांगायला नको. परीक्षा झाली. अखेरचा प्रश्न म्हणून एका परीक्षकाने अतिशय गंभीरपणे थायोटिमोलीनच्या उष्मागतिकीय गुणधर्मांविषयी विचारले. अ‍ॅसिमॉव्ह यांना हसू आवरेना. ज्याला नापास करायचे आहे त्याची कोणी अशी थट्टा करणार नाही, हे त्यांनी ओळखले होते. त्यांना पदवी मिळाली.

ही हकीकत केवळ गंमत म्हणून सांगितलेली नाही. कल्पित लिहिणारा माणूस गंभीर अभ्यासक असू शकत नाही, हा समज किती खोल रुजलेला असतो, याची ती साक्ष आहे. तिला समांतर असा एक प्रसंग मराठीत आहे. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' या कथेला पहिले पारितोषिक मिळाले. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. या नावाची आद्याक्षरे उलटी वाचली की जयंत विष्णु नारळीकर यांची आद्याक्षरे मिळतात, आणि कथा त्यांचीच होती. अ‍ॅसिमॉव्ह यांना नाव लपवायचे होते ते आपल्या लेखनामुळे आपल्या विज्ञानाला बाधा येऊ नये म्हणून; नारळीकरांचे कारण उलट होते. आपल्या वैज्ञानिक कीर्तीचा प्रभाव कथेच्या परीक्षणावर पडू नये, असे त्यांना वाटत होते. माझ्या मते दुसरी भूमिका साहित्याचा अधिक सन्मान करणारी आहे. कारण तिच्यात कथा ही कथा म्हणून उभी राहिली पाहिजे, असा आग्रह आहे.

४.५ पाणी घातलेच नाही तर?

आता पुन्हा पदार्थाकडे वळू. थायोटिमोलीन विरघळले, याचा अर्थ १.१२ सेकंदांनी पाणी पडणार हे निश्चित झाले. पण पाणी तर माझ्या हातात आहे. ते विरघळलेले पाहून मी हात मागे घेतला तर काय होईल? पुढे वाचण्यापूर्वी या प्रश्नाचे उत्तर तुमच्या शब्दांत वहीत लिहून पाहा. या कल्पनेची खरी ताकद येथे आहे.

अ‍ॅसिमॉव्ह यांनी उत्तर टप्प्याटप्प्याने दिले. पाणी घालणाऱ्याचा निश्चय पक्का असेल तर पदार्थ पुरेसा आधी विरघळतो. मन डळमळीत असेल तर हा अवधी घटतो. म्हणजे या पदार्थाने इच्छाशक्तीचे मोजमाप करता येते, आणि १९५३च्या लेखात त्याचा उपयोग मनोविकारांच्या निदानासाठी केलेला दाखवला आहे. दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाच्या माणसाने पाणी घातले तर पदार्थाचा काही भाग एका वेळी विरघळतो, उरलेला दुसऱ्या वेळी! रसायनशास्त्राची थट्टा करता करता लेखक माणसाच्या मनापाशी कसा पोहोचला, हे येथे पाहण्यासारखे आहे.

१९६०च्या तिसऱ्या लेखात अनेक नमुने साखळीने जोडले आहेत. एक नमुना विरघळला की त्यामुळे दुसऱ्यावर पाणी पडते, म्हणून दुसरा त्याच्याही आधी विरघळतो. तुम्ही स्वतः गणित करून पाहा : दिवसाचे ८६,४०० सेकंद, प्रत्येक नमुन्याचे १.१२ सेकंद, म्हणजे सुमारे ७७,००० नमुन्यांत एक दिवस आधीची बातमी. आता फसवणुकीला वेळ भरपूर आहे. पदार्थ विरघळलेला पाहून कोणीही पाण्याचे भांडे फोडून टाकू शकेल. पण तसे केले तर पूर येतो. वादळ येते. कोठून तरी पाणी येतेच आणि ठरल्या वेळी त्या पदार्थाला भेटते. पुराणकाळातला नोहाचा महापूरदेखील अशाच एखाद्या प्रयोगाचा परिणाम असावा, अशी शंका लेखक अत्यंत गंभीर चेहऱ्याने मांडतात. हसता हसता वाचक एका जुन्या आणि अवघड प्रश्नापाशी येऊन थांबतो. घडणारे जर आधीच ठरलेले असेल तर माझ्या इच्छेला अर्थ काय? आपल्याकडे दैव आणि पुरुषार्थ यांचा वाद शतकानुशतके चालला आहे. त्याच वादाला येथे परीक्षानळीत बसवले आहे.

१९७३ साली आलेली चौथी रचना अंतराळयानांविषयी आहे आणि ती रूढ अर्थाने कथा आहे. ती वाचनीय असली तरी पहिल्या लेखाची धार तिला नाही. येथे पदार्थ अंतराळप्रवासाचे साधन होतो, प्रश्न होत नाही.

४.६ परीस आणि दगड

जादूची वस्तू आणि विज्ञानकथेतील द्रव्य यांतला भेद आता सांगता येईल. परिसाने लोखंडाचे सोने होते. किती लोखंडाचे? किती वेळात? परीस अर्धा केला तर काय होते? हे प्रश्न परिसाच्या गोष्टीत कोणी विचारत नाही आणि विचारले तर गोष्ट कोमेजते. थायोटिमोलीनला मात्र असे प्रश्न विचारल्यावरच जीव येतो. येथे एका प्रकाराला वरचा आणि दुसऱ्याला खालचा ठरवण्याचा हेतू नाही. परिसाच्या दृष्टान्तातून संतांनी जे साधले त्याला मोजमापाची गरजच नव्हती. आपल्या रेवतीचे वय झाले म्हणून ककुद्मी राजा तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो आणि तेथे क्षणभर थांबून परततो, तोवर पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटलेली असतात, ही भागवतातली कथा पाहा. तिच्यात काळ वेगवेगळ्या गतीने चालतो आणि हिशोबाचा आकडाही दिलेला आहे. तरीही त्या आकड्यावरून पुढचा प्रयोग रचता येत नाही. म्हणून तिला विज्ञानकथा म्हणणे म्हणजे तिच्यावर अन्यायच होईल. ती पुराणकथा म्हणून पुरेशी समर्थ आहे.

एक शेवटचा मुद्दा राहतो, आणि तो बहुतेक विद्यार्थ्यांना चकित करतो. काळ वाकवणारे द्रव्य कल्पित असले तरी काळ वाकणे कल्पित नाही. आइन्स्टाइन यांनी १९१५ साली मांडलेल्या व्यापक सापेक्षता सिद्धान्तानुसार प्रत्येक वस्तुमान आपल्या निकटचा काळ मंद करते. २०१० साली अमेरिकेतील प्रयोगशाळेत दोन अतिसूक्ष्म घड्याळांपैकी एक दुसऱ्यापेक्षा केवळ ३३ सेंटिमीटर उंच ठेवले, तेव्हा वरचे घड्याळ किंचित वेगाने चालत असल्याचे मोजता आले. आपल्या मोबाइलला रस्ता दाखवणाऱ्या उपग्रहांतील घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि त्यासाठी दुरुस्ती करावी लागते. पृथ्वीचा गाभा तिच्या पृष्ठभागापेक्षा सुमारे अडीच वर्षांनी तरुण आहे. सह्याद्रीचा काळा बेसाल्टही या नियमाला अपवाद नाही. त्याचा परिणाम अतिसूक्ष्म आहे इतकेच.

म्हणून 'कृष्णविवर' आणि थायोटिमोलीन यांची तुलना करताना सावध राहा. कृष्णविवराजवळ काळ मंदावतो हा मान्य विज्ञानाचा भाग आहे. तेथे नारळीकरांना पदार्थ कल्पावा लागत नाही, फक्त माणसाला तेथवर न्यावे लागते. थायोटिमोलीन काळ मंद करत नाही, ते कारण आणि कार्य यांचा क्रम उलटा करते, आणि विज्ञान त्याला परवानगी देत नाही. पहिल्या प्रकारात लेखकाची कसोटी अशी, की सत्य वाचकाला अनुभवता आले का. दुसऱ्या प्रकारात, एक असत्य मान्य केल्यावर लेखक शेवटपर्यंत त्याच्याशी इमान राखतो का. उत्तरपत्रिकेत पुष्कळदा पहिली कसोटी दुसऱ्या प्रकाराला लावली जाते आणि एखादी चांगली कथा 'अवैज्ञानिक' म्हणून निकालात निघते.

४.७ स्वाध्याय

तुम्ही वाचलेली कोणतीही एक मराठी विज्ञानकथा निवडा. तिच्यातील मूळ गृहीतक एका वाक्यात लिहा. ते ज्ञात विज्ञानाच्या आत आहे की बाहेर, हे ठरवा. नंतर त्या गृहीतकाला कथेत कोणीही न विचारलेला एक प्रश्न विचारा आणि त्याचे उत्तर कथेतील नियमांच्या आधारे मिळते का, याची सुमारे ३०० शब्दांत चर्चा करा. आपले लेखन संपर्कसत्रात सोबत आणावे.